कानामागचा डाग

पार्लरमध्ये जळक्या केसांचा वास कोंडला होता. केनियाहून शिकायला आलेली आमची शेजारीण ग्रेस नुसती केसांची टोकं कापून घ्यायला आली होती. तिचे दाट कुरळे केस पाहताच पार्लरवालीनं न विचारताच स्ट्रेटनर तापवला.

"नको, आता असेच ठेवते," ग्रेस मागे सरकली. कानामागचा जुना डाग दाखवत मोडक्या हिंदीत म्हणाली, "आईनं भाजलं. शाळेच्या फोटोसाठी केस सरळ करताना. 'हलू नकोस' म्हणत होती."

सुंदर दिसण्याला असला वास का यावा? आणि तो मायेच्याच हातांना का लागावा?

शेजारच्या खुर्चीत माझी कुरळ्या केसांची लेक डोळे घट्ट मिटून बसली होती. उद्या तिच्या मावशीचं लग्न. तापलेला स्ट्रेटनर तिच्या कानाशी आला.

"हलू नकोस," मी म्हणून गेले.