न उचललेली तुराटी

माघातला सोमवार. अकोटजवळच्या आमच्या गावची शाळा. हजर: आत बसणारी मुलं; ओसरीवर आम्ही महारवाड्यातली चौघं, त्यात मुलगी मी एकटी; गुरुजी; आणि शहरातून आलेले मानसशास्त्राचे प्राध्यापक. शाळेत शिक्षा न्यायाने होते का, हे त्यांचं संशोधन.

गुरुजींनी फेकलेली तुराटी माझ्या नडगीवर बसली. प्राध्यापक दारात उभे राहून पाहत होते.

आतल्यांना छडी. आम्हाला शिवायचं नाही, म्हणून तुरीची काडी लांबून फेकून मारायची. आम्हाला लागलेली काडी बाटली. आम्हीच ती उचलून कुंपणापलीकडे टाकायची. पुढच्या वेळी मोळीतून नवी.

गुन्हा एकच, उशीर. रांजणाला आमचा हात चालत नव्हता. मधल्या सुट्टीत पाटलाचा पोरगा वरून ओंजळीत पाणी ओतायचा, तेही स्वतःचं जेवण आणि खेळ उरकल्यावर. तोवर घंटा व्हायची. तो आमच्याबरोबरच उशिरा यायचा. "पानी वाढून राह्यलो होतो, गुरुजी," म्हणायचा आणि जागेवर बसायचा. आम्हाला तुराटी.

शाळा सगळ्यांना खुली, असा तेव्हाच्या नागपूरच्या सरकारचा नियम होता. ओसरीही शाळाच, असं गुरुजी म्हणत.

प्राध्यापकांनी आत विचारलं, "गुरुजी सर्वांना सारखीच शिक्षा करतात ना?"

"होऽऽ!"

मग आमच्याकडे न वळताच, "आणि तुम्हाला?"

बाकीचे खाली मान घालून बसले. मी म्हटलं, "शिक्षा होते. पन पानीच घंटेनंतर भेटते. मंग आमी येळेवर कसे येऊ?"

"मुली, मी पाण्याचं विचारलं नाही. शिक्षेचं विचारलं."

आत हशा पिकला. पाटलाचा पोरगा ओरडला, "इले पानी नोको गुरुजी, अजून एक तुराटी द्या!"

गुरुजींनी दिली. खांद्यावर बसली आणि उंबऱ्यात आडवी पडली.

"उचल."

नडगी ठणकत होती. त्याचं काही नव्हतं. ते वाक्य ठणकत होतं. पाण्याचं विचारलं नाही.

"ए पोट्टे, उचल म्हनतो ना!"

"नाई उचलत."

"काहून?"

"तुमी फेकली. तुमी उचला."

गुरुजींनी बाकीच्या तिघांना फर्मावलं. तिघं माझ्याकडे पाहत राहिले. कुणी हललं नाही. शाळा सुटली, तरी आत सगळे अडकले. दार एकच. बाटलेली काडी ओलांडणार कोण? शिवाशिवीची ती रेघ त्यांचीच. आता तिने त्यांनाच कोंडलं होतं. पाटलाचा तोच पोरगा रडकुंडीला आला. "गुरुजी, मले घरी जा लागते."

प्राध्यापकांना अकोल्याची मोटार गाठायची होती. त्यांनी धोतर आवरलं, उडी मारली. मग पाय धुवायला पाणी मागितलं. त्यांना लगेच मिळालं.

जाताना गुरुजींना म्हणाले, "ही उद्धट आहे. बाकी शिस्त समान आहे."

दुसऱ्या दिवशी माझं नाव पटावरून कमी झालं. शिकायची मला फार हौस होती, आणि शाळा गावात ती एकच. माय म्हणाली, "उचलून टाकली असती तं हात झिजले असते का तुये?"

मी म्हटलं, "हो."

पेरणीआधीच तिने मला अकोल्याला मावशीकडे पोचवलं. मावशी कापसाच्या जिनात सरकी निवडायची. तिच्याकडे राहून शिकले.

आज अमरावतीत मुलींचं वसतिगृह चालवते. किराणा, कपडे, फी, दवाखाना, रोज सकाळी कामांची यादी करते आणि झालेलं खोडते. परवा शाळेने वसतिगृहातल्या माझ्या दोन मुली उशिराबद्दल उन्हात उभ्या केल्या. कारण विचारलं. तेच. रांजणाला त्यांचाही हात चालत नाही; पाणी वाढणारी बाई उशिरा आली.

मुख्याध्यापकांकडे गेले. ते म्हणाले, "बाई, नियम सर्वांना सारखा आहे. उशीर म्हणजे उशीर."

मी सांगितलं, "पाणी सारखं होईस्तोवर माझ्या मुली ही शिक्षा घेणार नाहीत. आणि शाळाही सोडणार नाहीत."

"कमिटीपुढे ठेवतो," म्हणाले. मी कमिटीसाठी थांबणार नाही. मुलींना सांगून झालं. त्यांच्या आयांना सांगून झालं. घाबरल्या, पण येतो म्हणाल्या. उद्या मधल्या सुट्टीत आम्ही सगळ्या शाळेत जाणार. रांजणात तांब्या बुडवायचा अजून राहिला आहे.