शेऱ्याचा रकाना

तलावाचं पाणी मोजणाऱ्या त्या माणसाला सगळे पट्टीवाले म्हणत. सत्तावीस वर्षं रोज सकाळी सातला हा गृहस्थ बांधाच्या पायऱ्या उतरायचा, भिंतीवर रंगवलेल्या पट्टीवर पाणी कुठवर आलंय ते बघायचा आणि नोंदवहीत आकडा लिहायचा. काम दोन मिनिटांचं. मग बाकीचा वेळ काय माशा मारायच्या? वहीत शेवटी ‘शेरा’ म्हणून बोटभर रुंदीचा रकाना असायचा. त्यात तो कविता लिहायचा.

चार-चार ओळींच्या. पाणी उतरून झाडाचा जुना बुंधा उघडा पडला की बुंध्यावर, आणखी उतरून खडक दिसला की खडकावर. डोळ्यांसमोर असेल त्यावरच. नसलेल्या गोष्टीवर याला एक अक्षर सुचेल तर शपथ! बायको म्हणायची, “मग मी दिसत नाही वाटतं तुम्हाला?” यावर तो चष्मा पुसत बसायचा.

महिना संपला की वही मुख्य कचेरीत जायची. स्वतः त्याने नक्कल एकाही कवितेची ठेवली नाही. “सरकारी वहीत आहे, जातंय कुठे!” असं वर ऐटीत सांगायचा. आता बोला!

निवृत्त होऊन दोन वर्षं झाली आणि मुलीने घोळ घातला. लहानपणी तिने शाळेच्या वहीत उतरवून घेतलेल्या पाच कविता एका प्रकाशकाला पाठवल्या. प्रकाशकाचा फोन आला, “पन्नास द्या. महिनाअखेरीला छपाईला घेतो.” त्या दिवसापासून पट्टीवाल्यांचा पाय घरात ठरेना. चहा अर्धा टाकून उठायचे, गॅलरीत जायचे, परत यायचे. साठी उलटल्यावर पहिल्यांदाच कुणीतरी आपल्याकडे काही मागितलं, आणि तेच आपल्याकडे नाही, ही टोचणी काही जाईना.

तिसऱ्या दिवशी ते मुख्य कचेरीत जाऊन थडकले. कारकूनबाई भल्या होत्या. “जुन्या वह्या रद्दीत गेल्या हो, काका. पण आकडे सगळे संगणकात चढवलेत. एक चुकलेला नाही.”

“आणि शेरा?”

बाईंनी पडदा त्यांच्याकडे वळवला. शेऱ्याखाली ओळीने निरंक, निरंक, निरंक.

“मीच भरलं ते,” बाई ओशाळल्या. “कामाचं काही नव्हतं ना त्यात. पण खरं सांगू? वाचायचे मी. रोजचं वाचायचे आणि मग निरंक टाकायचे.”

यावर माणसाने चिडावं की हसावं? बाईंनी सगळ्या आकड्यांची छापील प्रत पट्टीवाल्यांच्या हातात ठेवली, ती घेऊन ते घरी आले.

मग मुलगी तारीख आणि आकडा वाचायची, आणि हे खोलीत येरझारा घालत ओळी सांगायचे. काय आश्चर्य, धडाधड आठवायला लागल्या! पातळी ऐकली की त्या दिवशीचा काठ दिसायचा, आणि काठ दिसला की ओळी यायच्या. चार दिवसांत, मुलीकडच्या पाच धरून, एकतीस कविता झाल्या. आणि बत्तिसाव्याला गाडी अडली ती अडलीच. मुलगी आकडे वाचून वाचून कंटाळली.

“बाबा, अडताय ते सगळे उन्हाळ्यातले आकडे आहेत. कमी पाण्याचे.”

ते चप्पल अडकवून तडक तलावावर गेले. तलाव काठोकाठ भरलेला. बुंधा नाही, खडक नाही, काही नाही. रोज सकाळ-संध्याकाळ जाऊन बघायचे आणि तोंड पाडून परत यायचे.

महिनाअखेर आली. प्रकाशक फोनवर म्हणाला, “अहो, तेवढ्या एकोणीस नव्या लिहून टाका की! कुणाला कळणार आहे?”

बायको दारात उभी. मुलगी हाताने खुणावतेय, हो म्हणा, हो म्हणा. हे पुस्तक पट्टीवाल्यांना हवं होतं, जीव जाईल इतकं हवं होतं.

“नव्या नाही जमणार,” ते म्हणाले. “त्या आहेत. खाली आहेत. जरा थांबा.”

“किती दिवस?”

“साडेतीन मीटर.”

पलीकडे फोन ठेवल्याचा आवाज आला. मुलगी रडायलाच लागली. बायकोने त्यांची चप्पल दारापाशी सरळ करून ठेवली. ती पायात सरकवून ते निघाले, आणि जिन्यातूनच ओरडून म्हणाले, “काल पाणी दोन बोटं उतरलंय!”