कावळ्याला दिलेला शब्द

माझा मोठा भाऊ हवामान खात्यात होता आणि त्याला दक्षिण ध्रुवाकडच्या बर्फात एक अख्खा हिवाळा काढायचा होता. हे वेड शाळेपासूनचं. मे महिन्यात रायपुरात, गुढियारीतल्या आमच्या घरात कूलर गरम वारा फेकायचा आणि हा मांडीवर नकाशा घेऊन बसायचा. लग्नाचा विषय निघाला की म्हणायचा, आधी जाऊन येतो. त्यात दोन चांगली स्थळं हातची गेली. मला त्याचा अभिमान होता आणि रागही यायचा, कारण घर सांभाळायचं काम मला न विचारताच माझ्या गळ्यात पडलं होतं.

रायपूर छत्तीसगडची राजधानी झालं, त्यानंतर वर्षभरात त्याची निवड झाली. तो जाऊन दोन महिने झाले असतील, जानेवारीत आईच्या पोटात गाठ निघाली. डॉक्टरांनी मला बाजूला घेऊन सांगितलं, उन्हाळा निघणं कठीण आहे. तिकडचं शेवटचं जहाज मार्चात सुटणार होतं. ते गेलं की नोव्हेंबरपर्यंत कुणालाच परतता येत नाही.

आई म्हणाली, "त्याले सांगू नको. पोट्टा सगळं सोडून येईन, अन् मंग जन्मभर कुढत बसन."

उपग्रहाच्या फोनवर तो दर वेळी आईचं विचारायचा, मी दर वेळी सांगायचो, बरी आहे. जहाज सुटलं.

आई मे महिन्यात गेली. शेवटच्या आठवड्यात तिनं माझा हात धरून बजावलं होतं, "त्याले पुन्हा बोलावलं तर आडवा येऊ नको. जाऊ देजो."

मी भावाला फोनवर कळवलं तेव्हा त्यानं आधी हेच विचारलं.

"कधीपासून आजारी होती?"

"जानेवारीपासून."

"काहून नाही सांगितलं मले?" एवढं बोलून त्यानं फोन ठेवला.

दहाव्याला महादेव घाटावर पिंड ठेवला. कावळा शिवेना. ऊन असं होतं की कावळेसुद्धा सावली सोडायला तयार नव्हते, हे मला दिसत होतं. पण मामा म्हणाले, "मोठ्यात जीव अडकला तिचा. काही तरी कबूल कर." तासभर मी तळपायाचे चटके सोसत उभा होतो. पाच महिने मी एकट्यानं तिचं आजारपण काढलं होतं, आणि इथेही सगळ्यांच्या तोंडी त्याचंच नाव. मी हात जोडले आणि मोठ्यानं म्हणालो, "आई, भाऊ आता कधीच बर्फात जाणार नाही." कावळा उतरला. मामांनी डोळे पुसले. मला मात्र आतून जिंकल्यासारखं वाटलं, आणि त्याची लाज आजही वाटते.

भाऊ परतला तोवर हा शब्द सगळ्या नातेवाइकांना पाठ झाला होता. काही महिन्यांनी त्याला पत्र आलं. पुढच्या हिवाळी तुकडीचा प्रमुख म्हणून जाल का, असं विचारलं होतं. पत्र घेऊन तो स्वयंपाकघरात माझ्यासमोर येऊन बसला.

"आईले खरंच वाटत होतं का, मी पुन्हा जाऊ नये?"

त्याच्या दोन बोटांची टोकं थंडीनं कायमची काळी पडली होती. मी त्यांच्याकडे बघत राहिलो.

"हव," मी मान डोलावून म्हणालो.

त्यानं नकार त्याच दुपारी लिहिला, आणि पोस्टात टाकायला माझ्याच हाती दिला.