अहेरीची गाडी सिरोंच्याला

कंट्रोलर भाऊंना साधं बोलता येत नसे. ते जाहीर करत. सकाळी मागच्या खोल्यांतून त्यांचा आवाज यायचा, "स्वयंपाकघरातून अंगणात येनारा चहा थोड्याच वेळात सुटून राह्यला. प्रवाशांनी आपापले कप घेऊन तयार राहावं." त्यावर त्यांच्या बायकोचा, कांताबाईंचा आवाज यायचा, "दूध नाई आलं अजून." आणि भाऊ, स्वर जराही न बदलता, "चहा लेट हाय. कॅन्सल नाई." चंद्रपूरच्या बसस्थानकावर ते वाहतूक नियंत्रक होते. गाड्या फलाटाला लावायच्या, सोडायच्या आणि माईकवरून सांगायच्या, हे काम उभा जन्म केल्यावर माणसाला घरचा वेगळा घसा उरत नसावा. त्यांचं खरं नाव मला कितीतरी दिवस ठाऊक नव्हतं. आमच्या लेआउटच्या वस्तीत, स्टँडवर, किराणा दुकानात ते सगळ्यांचे कंट्रोलर भाऊच होते.

मी त्यांची किरायेदार. मूळची भद्रावतीची, चंद्रपूरच्या शाळेत मराठी शिकवायला लागले आणि खोली शोधत मूल रोडकडच्या त्या लेआउटमध्ये पोचले. एकट्या बाईला खोली देताना घरमालक काय काय विचारतात ते मला पाठ झालं होतं, आणि उत्तरंही मी जरा चढ्या आवाजातच द्यायची. भाऊंनी एकच विचारलं, "बाई, पंखा जोरात लागते का हळू?" मला आवडला माणूस. समोरच्या दोन हवेशीर खोल्या आणि व्हरांडा त्यांनी मला दिला; स्वतः नवराबायको मागच्या दोन खोल्यांत, जिथे मे महिन्यात भिंतीला हात लावला तर पोळायचा. मालक मागे आणि किरायेदार समोर, हे उलटं कसं, असं मी विचारलं.

"समोरच्या खोल्यांचा किराया जास्त येते," ते म्हणाले. "अन् मालक कोन? मालक बँक. तुमी माह्या किरायेदार, मी बँकेचा. आपन एकाच गाडीतले."

घराला नावाची पाटी नव्हती. घरभरणीही झालेली नव्हती. नवीन घरात राहायला जाताना भंतेजींना बोलवायचं, परित्राण पाठ करायचा आणि चार लोकांना जेवू घालायचं, ही त्यांच्या बौद्ध घरातली रीत. पण भाऊंचा हट्ट असा, की घराचे मूळ कागद बँकेतून आपल्या हातात येतील त्या दिवशी पाठ. तोवर हे घर परक्याचं. परक्याच्या घरात पाठ कसा करायचा? "भंतेजी विचारतीन, घर कोनाचं? मंग मी का सांगू?" कांताबाईंना हे पटत नसे. वर्षानुवर्षं राहतो त्या घरात एकदाही पाठ नाही, याची त्यांना शरम वाटायची. शेजारणी विचारायच्या तेव्हा त्या नवऱ्याचंच 'लेट हाय, कॅन्सल नाई' पुढे करत आणि हसून वेळ मारून नेत.

एकदा भाऊंच्या हाती पगारातल्या फरकाचे पैसे बऱ्यापैकी आले. ते त्यांनी बँकेत मुदत ठेवीत टाकले. कशासाठी, तर घरभरणीच्या जेवणासाठी. "अख्खा लेआउट जेवन," ते म्हणाले. आचारी कोण, वांग्याची भाजी कुठली, बुंदी की जिलेबी, सगळं ठरलेलं होतं. त्या जेवणात मला वाढायला उभं राहायचं होतं, हेही त्यांनीच ठरवून टाकलं होतं.

'लेट हाय, कॅन्सल नाई' हे वाक्य त्यांना स्टँडनेच दिलं होतं. महाशिवरात्रीच्या आदल्या दिवशी मी एकदा त्यांना डबा द्यायला गेले. मार्कंड्याच्या यात्रेची ही गर्दी, आणि त्यात अहेरीकडची एक म्हातारी गाठोड्यावर बसून होती. तिला यात्रेशी काही देणंघेणं नव्हतं, तिला घरी जायचं होतं. तिची गाडी कुठेतरी बिघडून पडली होती. दर थोड्या वेळाने ती खिडकीशी यायची आणि भाऊ तिला तितक्याच आदराने सांगायचे, "लेट हाय, आजी. कॅन्सल नाई." चहा पाजला, आपल्या डब्यातली भाकर दिली. दुपार टळली. मला राग आला. नाही म्हणून सांगून टाका ना, निदान ती दुसरी सोय बघेल, असं मी म्हटलं. दिवस कलला आणि गाडी आली. म्हातारीला खिडकीजवळ बसवून भाऊ परतले आणि माझ्याकडे बघून म्हणाले, "आली का नाई?"

आली होती. मी रिकामा डबा उचलून घरी आले.

कर्जही त्यांच्या हिशोबात एक गाडीच होती. चंद्रपूर ते अहेरी, पहिला थांबा बल्लारशा. वीस वर्षांचं कर्ज, म्हणून अख्खा रस्ता त्यांनी त्या वर्षांवर पसरला होता. ज्या दिवशी पहिला हप्ता गेला, त्या दिवशी दरवर्षी ते स्टँडवरून आलूबोंडे आणत आणि व्हरांड्यात उभे राहून जाहीर करत, "आपली गाडी आता कोठारी सोडून राह्यली." कधी गोंडपिपरी आली. गोंडपिपरी म्हणजे अर्धा रस्ता, तेव्हा आलूबोंड्यांसोबत जिलेबीही आली. आष्टीचा वैनगंगेवरचा पूल आला की मग पुढे जंगलच जंगल, आणि जंगल संपलं की अहेरी, असं ते कांताबाईंना समजवायचे. त्या म्हणायच्या, "मले चक्कर येते गाडीत." तरी त्या हसायच्या, कारण जिलेबी त्यांना आवडायची.

भाऊंना एका गोष्टीचा फार अभिमान होता. घराचा हप्ता कधीच वाढला नाही. बाजूच्या घरचे लोक महागाईच्या नावाने बोटं मोडायला लागले की हे म्हणायचे, "तेल वाढलं, गॅस वाढला, माहा हप्ता पहिल्या दिवशी होता तेवढाच हाय." मध्येच कधीतरी त्यांच्या फोनवर बँकेचा निरोप यायचा आणि चष्मा सापडत नसला की ते माझ्याकडे यायचे. मी वाचून दाखवायची: 'आपल्या गृहकर्जाची मुदत वाढवण्यात आली आहे.' भाऊ हात जोडायचे. "पाहा बाई, मांगतली नाई तरी मुदत देल्ली."

त्यांना हसण्यात अर्थ नाही. मुदत म्हणजे काय, ते जन्मभर शिकले होते. बापाने किराणा दुकानदाराकडे मुदत मागितली, यांनी पोरीच्या फीसाठी शाळेकडे मागितली. मुदत मिळणं म्हणजे समोरचा माणूस भला निघणं. आपल्या भाषेत या शब्दाला दुसरी बाजूच नाही. मी मराठीची बाई, व्याकरणाची पुस्तकं कोळून प्यायलेली; मलाही त्या वाक्यात काही खटकलं नाही. ज्या ज्या वर्षी असा निरोप आला, त्या त्या वर्षी आलूबोंडे जरा जास्तच आले.

या घरासाठी त्यांनी काय काय सोडलं, हे मी भिंतीपलीकडून ऐकत होते. वरच्या मजल्यासाठी स्लॅबवर सोडलेल्या सळ्या गंजून गेल्या. कूलर एकच होता आणि तो समोर, माझ्या खिडकीला. कांताबाईंचे गुडघे इतके गेले, की त्या भिंत धरून चालायच्या. ऑपरेशन 'कागद आल्यावर' करायचं होतं. शेवटी ते करावंच लागलं, आणि त्याआधी पोरीचं लग्न. दोन्हीसाठी भाऊंनी फंडातून पैसे उचलले. जेवणाच्या ठेवीला मात्र हात लावला नाही.

ते रिटायर झाले आणि आठवड्याभरातच इस्त्रीचा शर्ट घालून माझ्या दारात उभे राहिले. हाताशी जे थोडं आलं होतं त्यात उरलेलं कर्ज फिटेल, अशी त्यांची खात्री होती. पंधराएक वर्षं भरून झाली होती. म्हणजे पूल कधीच मागे पडला, आता फक्त जंगल. "बाई, चला. तुमाले इंग्रजी येते," ते म्हणाले. कांताबाईंनी कागद ठेवायला नवी पिशवी दिली.

बँकेत एक तरुण मुलगी होती, चांगल्या वागणुकीची. तिने पडदा आमच्याकडे वळवला. कर्ज घेतलं होतं त्याच्या निम्म्याहून जास्त अजून बाकी होतं. भाऊंना वाटलं, ती दुसऱ्याच कुणाचं खातं दाखवते आहे. त्यांनी आपलं नाव सांगितलं. मुलीने होकारार्थी मान हलवली.

"जेवढं घेतलं तेवढं तर मी देऊन बसलो," भाऊ म्हणाले. "त्याच्याहून जास्त देल्लं."

"ते बरंचसं व्याजात गेलं, काका. हप्त्यातून आधी व्याज कापतात. मग जे उरेल ते मुद्दलात. पहिली कित्येक वर्षं उरतं फार थोडं."

"पन हप्ता तर वाढला नाई."

"हप्ता नाही वाढवला. व्याजाचा दर वाढला, म्हणून मुदत वाढवली. तुमची सत्तरी उलटेल तेव्हा फिटेल आता."

"मुदत तर तुमी मेहरबानीनं..." भाऊ थांबले. माझ्याकडे बघितलं. त्या एका नजरेत तो शब्द माझ्या डोळ्यांदेखत उलटा झाला. ते पडद्याकडे वळले. मग हळू आवाजात, माईकशिवाय, म्हणाले, "म्हंजे मी पुलावर नाई. मी अजून बल्लारशालेच उभा हाय."

मुलीला काही कळेना. मी तिला सांगायला लागले, पण भाऊंनी मला थांबवलं.

"पोरी, गाडीचा मार्ग बदलला तर आमी माईकवर तीन-तीनदा सांगतो. खाली उतरून सांगतो. झोपलेल्या मानसाले उठवून सांगतो. तुमी अहेरीची गाडी पार पुढं सिरोंच्याले नेली, अन् मले सांगतलं नाई?"

"मेसेज पाठवले होते, काका. मराठीतच होते."

ते निरोप मीच त्यांना वाचून दाखवले होते. त्या मुलीचं चुकत नव्हतं, हेच वाईट होतं. तिने तळमळीने सांगितलं, की मध्ये कधी एकरकमी पैसे आले तेव्हा ते कर्जात टाकले असते तर बरीच वर्षं कमी झाली असती. त्यांची एक ठेव दिसते आहे. तिथे व्याज कमी मिळतं, इथे जास्त लागतं. निदान आता तरी ती मोडा.

"ते जेवनाचे हायत," भाऊ म्हणाले.

येताना ऑटोत मी त्यांच्याशी भांडले. हट्टीपणा आहे, वेडेपणा आहे, असं काहीबाही बोलले. त्यांनी ऐकून घेतलं. "ते मोडले," ते म्हणाले, "तर मंग गाडी कॅन्सलच झाली ना, बाई." नवी पिशवी त्यांनी मांडीवर घडी करून ठेवली होती.

त्या दिवसापासून घर मुकं झालं. चहा नुसता यायचा. पहिल्या हप्त्याचा दिवस आला आणि गेला. आलूबोंडे आले नाहीत. हातचे पैसे लेकीच्या सासरच्या अडचणीत आणि औषधांत पाझरून गेले, पेन्शन तुटपुंजी, आणि हप्ता मात्र तेवढाच. भाऊ एका पेट्रोल पंपावर दिवसपाळीला बसायला लागले, पत्र्याखाली, खुर्ची टाकून. चंद्रपूरचा उन्हाळा आम्हा इथल्यांनाही सोसत नाही. मी म्हटलं, घरी बसा. ते म्हणाले, "कोनत्या घरी?" मे महिन्यात एका दुपारी ते त्याच खुर्चीत गेले. कर्जावरचा विमा त्यांनी घेतला नव्हता. कर्ज घेतलं तेव्हा पगारातून अजून एक कटौती परवडणारी नव्हती.

भाऊंच्या मरणानंतरच्या पुण्यानुमोदनाला भंतेजी आले. त्या घराच्या उंबऱ्यातून भंतेजी आत आले ते पहिल्यांदाच. पुढच्या खोलीतलं माझं सामान आम्ही बाजूला सारलं, बुद्धांच्या मूर्तीपुढे मेणबत्त्या लावल्या आणि इतकी वर्षं राहून गेलेला पाठ त्या भिंतींनी त्या दिवशी ऐकला. जेवणाची ठेव कांताबाईंनी मोडली. अख्खा लेआउट जेवला. आचारी भाऊंनी ठरवलेलाच होता, भाजी वांग्याचीच. मी वाढायला उभी होते. लोक जेवण चांगलं झालं म्हणत होते आणि मला त्या पातेल्यातला डाव फेकून द्यावासा वाटत होता.

सगळे गेल्यावर कांताबाई व्हरांड्यात येऊन बसल्या. भाऊंचा फोन आता त्यांच्याकडे असतो. बँकेचा निरोप आला होता. त्यांनी फोन माझ्यापुढे धरला. पुढच्या हप्त्याची आठवण होती. मी वाचून दाखवलं.

"बाई," त्या म्हणाल्या, "सिरोंच्याले कधी पोचते हो आता ही गाडी? मी हाय तोवर पोचते का?"

"लेट हाय, कांताबाई," मी म्हटलं.

त्या पुढच्या शब्दांची वाट बघत राहिल्या. मला ते म्हणता आले नाहीत.