दिवाणाखालचे नऊ दिवस

गुडघ्याच्या ऑपरेशनसाठी मी पंधरा दिवस दवाखान्यात होते. तेवढे दिवस माझा बोका उचगावात मांजरं सांभाळणाऱ्या एका बाईंकडे होता. मी घरी आले आणि दुसऱ्याच दिवशी बाईंनी त्याला आणून सोडलं. पिंजऱ्याचं दार उघडताच तो दिवाणाखाली घुसला. मी वॉकर टेकवत जवळ गेले, तर माझ्यावरच फिस्कारला. सात वर्षं माझ्या उशाशी झोपलेलं जनावर. मला रडू आलं.

माझ्या मदतीला थोरल्या नणंदबाई हातकणंगल्याहून आल्या होत्या. नवरा गेल्यावर मी एकटी राहते हे त्यांना कधीच पटलं नव्हतं. बोका दुसऱ्या दिवशीही जेवला नाही, तशा त्या केरसुणी घेऊनच आल्या.

"सर बाजूला, हुसकून काढते त्याला. शाहूवाडीला लेकीच्या रानात सोडू, उंदरं खाऊन जगंल. आन् तू चल माझ्यासंगं. असला गुडघा घेऊन मांजराची उस्तवार करतीस व्हय?"

"वन्सं, केरसुणी आत ठेवा," मी म्हटलं. "त्यो शाहूवाडीला जाणार न्हाय आन् मी हातकणंगल्याला येणार न्हाय."

तीस वर्षांत मी त्यांना असं बोलले नव्हते. त्या संध्याकाळपर्यंत रुसून बसल्या.

जनावरांच्या डॉक्टरांना फोन केला. पाणी पीत असेल तर उद्यापर्यंत वाट बघा, ओढून काढू नका, म्हणाले. मला वाटलं, चूक त्याची नाहीच. माझ्या अंगाला मलमाचा वास, वॉकरची टकटक, आणि त्याचं झोपायचं पोतं वन्संनी साबणानं धुऊन टाकलेलं. मी वॉकरच्या पायांना जुने मोजे बांधले. अंगातला गाऊन न धुता दिवाणाखाली सरकवला. भेटायला येणाऱ्यांना आठवडाभर येऊ नका म्हणून सांगितलं.

"मांजरासाठी माणसांना दार बंद?" शेजारीण म्हणाली.

"व्हय, मांजरासाठी," मी म्हटलं आणि दार लावलं.

दुपारी दिवाणाशेजारी खुर्ची टाकून मी हळू आवाजात पेपर वाचायची. त्याच्याकडे मुद्दाम बघायची नाही. तिसऱ्या दिवशी उकडलेल्या माशाची वाटी रिकामी दिसली. सहाव्या दिवशी तो खोलीच्या मधोमध आला, तेवढ्यात वन्सं खोकल्या आणि तो परत आत. त्यानंतर खोकला आला की वन्सं तोंडाला पदर लावून बाल्कनीत जायला लागल्या.

नवव्या दिवशी त्यानं माझी पट्टी बराच वेळ हुंगली आणि दुखऱ्या पायाला टेकून बसला. गुडघ्यातून कळ आली तरी मी पाय हलवला नाही.

दोन दिवसांनी वन्सं निघाल्या. दारात म्हणाल्या, "लई हट्टी हायस की गं."

"हाय की," मी म्हटलं आणि त्यांना सोडायला लिफ्टपर्यंत गेले.