पीठही असेल म्हणा

हे मी आजवर कोणालाच सांगितलेलं नाही. नवऱ्याला नाही, सख्ख्या बहिणीला नाही, देवाला — देवाला कशाला सांगायचं, तो तिथे होताच की. तुम्हाला सांगतेय, कारण तुम्ही मला ओळखत नाही. ओळखीच्या माणसांना मी फार हुशार वाटते.

परवा नात मोबाइलवर दोन मुलांचे फोटो घेऊन आली. "आजी, तू सांग यातला कोणता. तुझी पारख कधी चुकत नाही." मी म्हणाले, माझ्या पारखेवर जाऊ नकोस गं. तिला वाटलं, म्हातारी भाव खातेय. तिचं तरी काय चुकलं? जन्मभर मी तेवढंच खाल्लंय.

साठचं दशक सरत आलेलं. आम्ही जळगावजवळ पिंप्राळ्यात राहायचो — सासूबाई, सासरे म्हणजे आबा, आम्ही दोघं, आमचा लहानगा आणि लग्नाचा धाकटा दीर, मधुकर भाऊजी. मी चोवीस वर्षांची. सातवी पास, म्हणून सगळे अहिराणी बोलत तिथे मी मुद्दाम शुद्ध बोलायची. काय ध्यान होतं! आणि घरात काहीही निवडायचं असलं की हाक मलाच, मोठ्या सुनेला. भरताची वांगी — मोठी आणेल. मुलाचं झबलं — मोठीला विचारा. माझी युक्ती एकच होती: प्रत्येक गोष्टीवर संशय घ्यायचा. दुकानदाराने पुढे केलेलं पहिलं लुगडं घ्यायचंच नाही. उलटून बघायचं, काठ ओढायचा, उन्हात धरायचं. जळगावच्या बाजारातला मारवाडी शेठ एकदा हात जोडून म्हणाला, "बाई, लुगडं बघता का चोर पकडता?" दुकान हसलं. मला ते कौतुक वाटलं.

खरं काय होतं सांगू? लुगडं मी पहिल्या नजरेतच ठरवलेलं असायचं. उलटणं, ओढणं, उन्हात धरणं — ते सगळं नंतरचं. नको असलेल्यात खोट शोधायची आणि हव्या असलेल्याची झाकायची. यालाच सगळे पारख म्हणत होते.

हे आधी सांगितलं म्हणजे पुढचं सोपं जाईल असं वाटलं होतं. जात नाहीये.

तर — धुळ्याचं स्थळ आलं. मुलगी कुसुम, वडील कचेरीत कारकून, घर साधं. आखाजीचे, म्हणजे अक्षय्य तृतीयेचे दिवस होते. आमच्याकडे मुलगा नंतर जायचा. आधी मोठ्यांनी पाहून यायचं. म्हणून आबा, सासूबाई आणि मी एस.टी.ने निघालो. सासूबाईंनी आधीच निरोप धाडला होता — पोहे-बिहे नकोत, पोरीने आमच्यासमोर खापरावर मांडे करून दाखवावेत.

मांडे म्हणजे आमची पुरणपोळी, पण पोळपाटावरची नव्हे. पुरण भरलेला गोळा हातावर घ्यायचा, या हातावरून त्या हातावर फिरवत मनगटावरून कोपरापर्यंत वाढवायचा आणि चुलीवरच्या उपड्या खापरावर झोकून द्यायचा. माझे मांडे वाटेतच फाटायचे. सासूबाई त्यांना गोधडी म्हणायच्या, आणि पाहुण्यांसमोर म्हणायच्या.

कुसुमचा मांडा कोपरावर आला तेव्हा त्यातून तिच्या बांगड्यांचा हिरवा रंग दिसत होता. खापरावर पडला तो एक सुरकुती न पडता. सासूबाईंच्या तोंडून "अगं बया" निघालं. सहा वर्षांत माझ्यासाठी एकदाही निघालं नव्हतं.

मला तिथेच संशय आला. इतकी चांगली मुलगी विसाव्या वर्षी घरी कशी? काहीतरी लपवताहेत. मी कामाला लागले. तिला विहिरीवरून पाणी आणायला लावलं — चाल बघायची होती. सुईत दोरा ओवायला दिला. वर्तमानपत्र वाचायला लावलं, मग तेच उलट्या बाजूने — म्हणजे पाठ तर केलेलं नाही ना! आज लिहिताना हसू येतं. मी सून बघायला गेले होते की फौजदारी चालवायला? आणि ती सगळ्यातून पार पडत होती, तसतसा माझा संशय कमी व्हायचा सोडून वाढत होता.

शेवटी चहाचा ट्रे घेऊन ती माझ्यापुढे वाकली. इतर कोणाला ऐकू जाणार नाही अशा आवाजात म्हणाली, "ताई, अजून काही तपासायचं राहिलं का?"

हसत म्हणाली. चेष्टेने. दुसरं कोणी असतं तर मीही हसले असते. पण तिने मला ओळखलं होतं — घरादाराने सहा वर्षांत ओळखलं नाही, ते तिने दुपारभरात. ही घरात आली तर वांगी कोण निवडणार? "मोठीला विचारा" कोण म्हणणार? तिने ट्रे धरला होता तेव्हा उजव्या कोपराच्या मागे एक पांढरा ठिपका दिसला. रुपयाएवढा. हात धुताना राहून गेलेलं, वाळलेलं पीठ. पीठच. त्याच्या कडेचा एक पापुद्रा सुटून लोंबत होता, तोही मला दिसला.

परतीच्या गाडीत आबांना डुलकी लागली. सासूबाई खूश होत्या.

"मोठी, पोर गुणी शे. बठ्ठं चांगलं शे. तू काबर गप?"

"काही नाही. छानच आहे."

"बोल ना. तुले काय दिसनं?"

मी खिडकीबाहेर बघितलं. पारोळा यायचं होतं. "कोपराजवळ जरा पांढरं दिसलं," मी म्हणाले. मग थोडं थांबून — "पीठही असेल म्हणा."

बघा ना, खोटा एक शब्द नाही त्यात. पांढरं होतं. पीठ होतं. पण ते "म्हणा" मी ज्या सुरात म्हणाले, तो सूर मला आजही काढता येईल. कोडाचं नाव मी घेतलं नाही. घ्यायची गरजच ठेवली नाही. त्या काळी कोड म्हटलं की मुलीपुढे दार बंद. आणि कोड असतं तरी काय बिघडलं असतं — हे कळायला मला पुढची वीस वर्षं लागली, तो गुन्हा वेगळाच.

पारोळ्याला गाडी थांबली, पण कोणीच म्हणालं नाही की परत जाऊन बघू. एवढंच तर करायचं होतं — हात धुवायला लावायचा.

एक संशय मला अजून सोडत नाही. चाळीस वर्षं मांडे करणाऱ्या बाईला कोपरावर पीठ राहतं हे ठाऊक नसेल? मला वाटतं, त्यांनाही ठाऊक होतं. आपल्याहून पातळ मांडा करणारी सून त्यांना तरी हवी होती का? पण त्यांच्याकडे बोट दाखवलं म्हणून माझा दोष कुठे जात नाही.

धुळ्याला पत्र गेलं — पत्रिका जुळत नाही. मधुकर भाऊजींसाठी मी दुसरी मुलगी पसंत केली. गरीब, न बोलणारी. तिने मला कधीच काही विचारलं नाही, फक्त "वहिनी, कोणतं घेऊ?" एवढंच.

सासूबाईंची बहीण नरडाण्याला असायची. तिच्या कानावर ते कोपराचं गेलं, तिथून पुढे कुठे कुठे गेलं असेल, देव जाणे. दीड वर्षाने एका दुपारी कुसुमचे वडील आमच्या दारात उभे राहिले. खिशात डॉक्टरांची चिठ्ठी. तीन स्थळं दाराशी येऊन परत गेली होती. आता धाकटीलाही कोणी विचारत नव्हतं. आवाज न चढवता त्यांनी आबांना विचारलं, "आबासाहेब, तुम्ही काय पाहिलंत, तेवढं सांगा. म्हणजे मला लोकांना उत्तर देता येईल."

आबा म्हणाले, पत्रिका. त्यांना खरोखरच दुसरं काही माहीत नव्हतं.

मग ते माझ्याकडे वळले. मी पाण्याचा तांब्या घेऊन उभी होते. "ताई, तुम्ही तर दिवसभर तिच्याजवळ होतात. तुमचा शब्द सगळे मानतात म्हणे. तुम्हाला काही दिसलं होतं का?"

"पीठ होतं" — दोन शब्द. तेवढे त्यांनी नरडाण्यापर्यंत नेले असते. माझं फार तर काय गेलं असतं? सासूबाईंनी आठवडाभर अबोला धरला असता. पारखी म्हणणं सोडलं असतं लोकांनी.

"मला काही आठवत नाही," मी म्हणाले.

ते पाणी प्यायले. तांब्या खाली ठेवताना "बरं" म्हणाले. धुळ्याची गाडी गाठायला निघून गेले.

पुढच्या उन्हाळ्यात कुसुमचं लग्न झालं. सातपुड्याच्या पायथ्याच्या एका खेड्यात, बिजवराशी, पहिलीची दोन मुलं असलेल्या. थोरली उजवली म्हणून धाकटीचं जमलं. लग्नपत्रिका आमच्याकडेही आली होती; त्या माणसाची रीत तशी होती. आबांनी विचारलं, कोण जाणार? मी म्हणाले, मला नाही जमायचं, मुलाची परीक्षा आहे. मुलगा पहिलीत होता.

ती तिथे कशी नांदली, हे मी कधीच कोणाला विचारलं नाही. विचारलं असतं तर कोणीतरी सांगितलं असतं.