निवेदन नसलेली फिल्म

"इचारायचं न्हाय, भाऊ. बघायचं."

ताई असं म्हणायच्या आणि पदर डोक्यावरून पुढे ओढून कॅमेऱ्यावर धरायच्या. उन्हात भिंगाला सावली लागते. लांबून बघणाऱ्याला वाटे, एखादी सून सासऱ्यापुढे उभी आहे. असं आपल्या नियमाला चिकटून बसणारं माणूस तुमच्याही पाहण्यात असेल. त्याच्याशी वाद घालण्यात अर्थ नसतो.

नव्वदचं दशक निम्मं सरलं होतं. माझं बारामतीत टीव्ही दुरुस्तीचं दुकान होतं. ताई मूळच्या कळसच्या, पुण्यात शिकून फिल्मा काढायला लागलेल्या. माईक धरायला त्यांनी मला गाठलं. लासुर्ण्याजवळ बीडकडच्या ऊसतोड्यांचा तळ पडला होता. तिथली पोरं किती राबतात ते टिपायचं, कारखान्याच्या साहेबांपुढे ठेवायचं आणि तळावर शाळा मिळवायची, हा त्यांचा ध्यास.

त्यांनी निवडली सविता. अकरा वर्षांची. पहाटे भाकरी थापायची, धाकट्याला कडेवर घेऊन फडात यायची, उसाचे हिरवे शेंडे गोळा करून त्यांचे भारे बांधायची. पहिल्या दिवशी कॅमेरा बघताच तिच्या आईनं तिला पावडर लावली, नवा फ्रॉक घातला आणि काम सोडून बाजूला उभं केलं. ताईंनी कॅमेरा चालूच केला नाही. आम्ही रोज जायचो, बांधावर बसायचो. आठवड्याभरात माणसं आम्हाला कंटाळली आणि सविता पुन्हा कामाला लागली. मग कॅमेरा सुरू झाला.

मी वैतागायचो. "ताई, नुसतं बघून कुणाचं भलं झालंय?"

"कुणी बघत न्हाय, म्हणूनच तर हे चाललंय, भाऊ."

फिल्ममध्ये त्यांनी निवेदनाचा एक शब्दही घातला नाही. बघणाऱ्याला आपलं आपण कळेल, यावर त्यांचा फार विश्वास. साहेबांच्या आधी तळावर दाखवायचं, असं त्यांनी कबूल केलं होतं. मी दुकानातला टीव्ही आणि व्हीसीआर जीपमधून नेला. पाचटानं शाकारलेल्या कोप्यांपुढे सगळा तळ जमला.

ताईंना वाटलं होतं, माणसं गप्प होतील. पडद्यावरच्या सवितानं आपल्याहून मोठा भारा डोक्यावर घेतला, तशी लोकांत हसू पसरलं.

"काय कामाची पोर हाय!" एक म्हातारी म्हणाली. सविताची आई लाजून पदराआड हसत होती. पुढे बसलेल्या एका बाईनं तो तुकडा पुन्हा लावायला सांगितला. मी लावला.

साहेबांनीही फिल्म बघितली आणि मान डोलावली. पुढच्या हंगामात तळावर पत्र्याची शाळा उभी राहिली. सविताला तिथे बसवायचं म्हणून ताई मुद्दाम पुण्याहून आल्या. ती आमची शेवटची फेरी. नंतर त्या या बाजूला फिरकल्या नाहीत.

सविता फडातच भेटली. हातात कोयता, मनगटात हिरव्या बांगड्या. ऊसतोडीत नवरा-बायकोची जोडी म्हणजे एक कोयता. एकट्या पोराला मुकादम घेत नाही. तुकडा पुन्हा लावायला सांगणाऱ्या त्या बाईला सून हवी होती.

आम्हाला बघून सविता धावत आली. मागे वळून मिसरूड फुटलेल्या एका पोराला म्हणाली, "अवो, इकडं या. ह्याच त्या ताई. ह्यांच्या फिल्लममुळं तर आत्याबाईंनी मला पसंत केलं."

दोघं जोडीनं पाया पडायला वाकली. ताईंनी पाय मागे घेतले. इतके दिवस त्यांच्याशी हुज्जत घातली, पण तेव्हा मला त्यांची फार दया आली.

सविताचा चेहरा पडला. ती जवळ सरकून हळूच म्हणाली, "लग्नाला बोलवायचं राह्यलं, म्हणून रागावलाव व्हय, ताई?"